दंगल, फाळणी आणि कॅमेरा : जुन्या जखमांवर डॉक्युमेंट्री करायची तर कशी करायची

इंदूरमध्ये डॉक्युमेंट्री करायचीय म्हणणारी मुलं-मुली भेटतात तेव्हा विषय बहुतेक वेळा दोनच असतात, एक तर इंदिरा गांधींच्या हत्येनंतरची १९८४ ची शीखविरोधी दंगल, नाहीतर फाळणीनंतर इथे येऊन वसलेली सिंधी कुटुंबं. दोन्ही विषय आपल्याच शहराचे आहेत, दोन्हींचे साक्षीदार थकत चाललेत, त्यामुळे हे काम व्हायला हवं असं मलाही मनापासून वाटतं. पण पहिला प्रश्न येतो तो कॅमेरा कोणता घेऊ, आणि मी सांगते की ते शेवटी बघू.

आधी हे बघा. ज्याचं दुकान जळलं किंवा ज्याला रातोरात घर सोडावं लागलं, त्याच्या हातून त्या दिवशी वस्तू तर गेल्याच, पण स्वतःचं काही स्वतः ठरवणंही गेलं. आता तुम्ही जाऊन लाइट लावला, त्याची खुर्ची सरकवली, प्रश्न विचारत सुटलात आणि घरी येऊन हवं ते कापलंत, की पुन्हा तेच झालं, हेतू कितीही चांगला असला तरी. म्हणून माझं एकच म्हणणं आहे, की फिल्म तुमची असली तरी निर्णय सांगणाऱ्याच्या हातात राहिले पाहिजेत, कुठे बसायचं, दार उघडं ठेवायचं का, कुठे थांबायचं, काय दाखवायचं, सगळे. खाली जे लिहिलंय ते हे प्रत्यक्षात कसं करायचं त्याबद्दल आहे.

सुरुवात स्वतःच्या घरातून

आपण मराठी मंडळी होळकरांबरोबर इथे आलो, राजवाड्याच्या आजूबाजूला आणि रामबागेत राहिलो, मग लोकमान्य नगर, सुदामा नगरपर्यंत पसरलो. ८४ ला राजवाडा जळला. खालचे तीन मजले दगडी आणि वरचे चार लाकडी अशी ती इमारत, आणि मराठी घरांत त्या दिवसांचा विषय निघाला की बोलणं राजवाड्याच्या आगीवरच जातं. शीख घरात त्याच दिवसांची गोष्ट वेगळ्या ठिकाणी सुरू होते, दुकानाच्या शटरपाशी किंवा एखाद्या शेजाऱ्याच्या माडीवर. ज्यांनी नुसतं बघितलं त्यांची पण एक आठवण असते आणि ती कोणी रेकॉर्ड करत नाही.

म्हणून पहिली मुलाखत आई-बाबांची नाहीतर काका-काकूंची घ्या. ३१ ऑक्टोबरला इंदिरा गांधींची हत्या झाल्याचं कुठे कळलं, त्यानंतर वाड्याचं दार कोणी लावलं, समोरच्या शीख कुटुंबाचं काय झालं, त्यांना आत घेतलं का, घेतलं नसेल तर त्यावर घरात नंतर कधी बोलणं झालं का. हे विचारताना तुमची स्वतःची जीभ कुठे अडखळते ते कळेल. काकू चहा टाकायच्या निमित्ताने उठून का गेल्या ते पण कळेल. काही घरांत तर ४८ च्या जळिताची गोष्ट निघते, गांधीहत्येनंतर सातारा-सांगली-कोल्हापूरकडे ब्राह्मणांची घरं जाळली गेली त्याची, आणि मग लक्षात येतं की जखम आणि गप्प बसणं ही दुसऱ्यांच्या मोहल्ल्यातली गोष्ट नाहीये. एवढं केल्याशिवाय दुसऱ्याच्या दारात कॅमेरा नेऊ नये असं मला ठामपणे वाटतं.

कॅमेऱ्याशिवाय जाणं

पुढचे काही महिने रिकाम्या हाताने जायचं. ओळख कोणामार्फत झाली ते फार महत्त्वाचं असतं. गुरुद्वाऱ्याच्या कमिटीमार्फत गेलात तर तुम्हाला कमिटीला मान्य असलेलीच माणसं भेटतील, राजकीय कार्यकर्त्यामार्फत गेलात तर लोक त्याच्यासमोर बोलतात तसंच बोलतील. दोन-तीन वेगवेगळ्या वाटांनी आत शिरा, आणि त्यातली एक वाट बायकांची असू द्या, कारण सभेत बोलणारे पुरुष असतात आणि त्या रात्री मुलांना तोंडावर हात ठेवून गप्प बसवणाऱ्या बायका असतात.

बसा, मदत करा, ऐका, घरी येऊन रोज लिहून काढा. वहीत तीन गोष्टी वेगवेगळ्या ठेवा, काय दिसलं, ते काय म्हणाले आणि तुम्हाला काय वाटलं. ह्या तिन्हींची सरमिसळ झाली की सहा महिन्यांनी एडिटला बसल्यावर तुमचंच मत त्यांचं वाक्य होऊन बसतं.

वर्षाचा मोहल्ल्याचा कॅलेंडर पण लिहून काढा. नोव्हेंबरचे पहिले दिवस शीख घरांत जड असतात, त्यात आगेमागे दिवाळीचे फटाके आणि जळका वास. रंगपंचमीची गेर, म्हणजे रंग उडवत निघणारी मिरवणूक, राजवाड्यावरून जाते तेव्हा जो आवाज आणि जी गर्दी असते ती आपल्याला आनंदाची, पण ज्याने एकदा गर्दीला दारावर येताना ऐकलंय त्याला त्या दिवशी घरात बसवत नाही. अनंत चतुर्दशीच्या झांकीची, म्हणजे देखाव्यांच्या मिरवणुकीची, रात्र पण तशीच. अशा दिवशी मुलाखत ठेवू नका, त्यांनी स्वतः म्हटलं तरच जा.

फाळणीच्या बाबतीत अजून एक हिशोब आहे. सिंधमधून मोठी गर्दी निघाली ती बरीचशी ६ जानेवारी १९४८ च्या कराचीच्या दंगलीनंतर, म्हणजे आज जे आजी-आजोबा भेटतील ते तेव्हा लहान मूल होते. त्यांना सरकारी निर्णय, पुढाऱ्यांची भाषणं विचारून काही उपयोग नाही. त्यांना जहाजाचा वास आठवतो, आईने कमरेला काय बांधलं होतं ते आठवतं. आणि त्यांच्या मुलांना आठवतात त्या ऐकलेल्या आठवणी, त्यांची पण फिल्म होते, फक्त कोणी स्वतः बघितलं आणि कोणी ऐकलं हे प्रेक्षकाला कळलं पाहिजे.

संमती

एक कागद पुढे करून सही घेतली म्हणजे संमती झाली असं समजू नका. संमती तीनदा घ्यायची, बोलण्याआधी, बोलून झाल्यावर दोन-चार दिवसांनी आणि एडिट बघितल्यावर. पहिल्या वेळी माणसाला माहीतच नसतं की आपण काय बोलणार आहोत, म्हणून दुसऱ्या वेळची हो जास्त खरी.

कागद त्यांना वाचता येईल त्या लिपीत हवा. बरेच जुने सिंधी लोक अरबी लिपीतली सिंधी वाचतात, जुने पंजाबी गुरुमुखी किंवा उर्दू. वाचायला त्रास होत असेल तर मोठ्याने वाचून दाखवा आणि तोंडी हो रेकॉर्ड करा. त्यात ह्या गोष्टी असाव्यात : हे फिल्ममध्ये येईल का, यूट्यूबवर जाईल का की फक्त हॉलमध्ये दाखवणार, नाव-चेहरा दाखवायचा का, न वापरलेलं फुटेज कुठे राहील आणि कोणत्या तारखेपर्यंत त्यांना सगळं मागे घेता येईल. ती तारीख स्पष्ट लिहा. एकदा इंटरनेटवर गेलं की परत आणता येत नाही हे पण तोंडाने सांगा.

न्याय मिळवून देऊ, नुकसानभरपाईची फाइल हलेल, असलं काही बोलू नका, सूचितसुद्धा करू नका. लोकांनी आजवर कमिशन, पत्रकार, वकील बरेच बघितलेत आणि प्रत्येक नव्या माणसाकडून थोडी आशा लागते. आणि हे कोणालाच कळणार नाही असं वचन पण देऊ नका, कारण कोर्टाने मागितलं तर फुटेज द्यावं लागू शकतं. केस चालू असलेल्या माणसाला आधी त्याच्या वकिलाशी बोलायला सांगा.

सामान आणि बसायची व्यवस्था

आता कॅमेरा. जो आहे तो चालतो, खरंच. पैसे आवाजावर घाला. एक बरा कॉलर माइक, एक वेगळा रेकॉर्डर, ४८ किलोहर्ट्झ २४ बिटवर. माणूस हळू बोलायला लागतो तिथेच महत्त्वाचं असतं आणि ते कॅमेऱ्याच्या माइकवर पंख्याखाली हरवतं. उन्हाळ्यात पंखा बंद करून म्हाताऱ्या माणसाला घामाघूम बसवू नका, पंखा स्लो करा आणि माइक जवळ आणा. ट्यूबलाइट लुकलुकत असेल तर २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा, आपली वीज ५० हर्ट्झची आहे त्यामुळे जमून जातं. उठायच्या आधी मिनिटभर खोलीचा नुसता आवाज घ्या, एडिटला लागतो.

त्यांची नेहमीची बसायची जागा हीच मुलाखतीची जागा. पाठ भिंतीला आणि नजर दाराकडे असेल अशी बऱ्याच जणांची जागा असते, ती हलवू नका, फ्रेम सुंदर नाही आली तरी. कॅमेरा त्यांच्या डोळ्यांच्या उंचीवर, तुम्ही लेन्सच्या अगदी शेजारी. खोलीत तुमच्याकडची दोनपेक्षा जास्त माणसं नकोत. मोठा सॉफ्टबॉक्स लाइट चेहऱ्यावर मारू नका, चौकशीसारखं वाटतं, खिडकीचा उजेड पुरतो. रेकॉर्डिंग चालू-बंदची खूण त्यांना शिकवा, हात वर केला की मी बंद करणार, आणि सुरुवातीलाच एकदा करून दाखवा म्हणजे त्यांना कळतं की हे खरंच बंद होतं.

जवळचं कोणी सोबत हवं का ते विचारा. दक्षिण आफ्रिकेत १९९६ ला सत्य आणि समेट आयोगाच्या सुनावण्या सुरू झाल्या तेव्हा साक्ष देणाऱ्याच्या शेजारी आधार द्यायला एक माणूस बसवलेला असायचा. पण सोबत कोण हे त्यांनीच निवडायचं, कारण काही आया मुलासमोर बोलतच नाहीत आणि काही फक्त मुलीसमोर बोलतात.

विचारायचं काय

त्या दिवशी काय झालं, हा पहिला प्रश्न कधीच नसावा. दुकान कोणी सुरू केलं, सकाळी किती वाजता उघडायचं, पहिलं गिऱ्हाईक कोण, असं आधीचं आयुष्य विचारा, भरपूर विचारा. नाहीतर फिल्ममध्ये माणूस फक्त बळी म्हणून दिसतो, आणि त्याचं सत्तर-ऐंशी वर्षांचं आयुष्य त्या दोन दिवसांत कोंबलं जातं.

हाताला काम असलं की बोलणं सोपं जातं. सियागंजच्या बाजूला एका हार्डवेअरच्या दुकानात एक पापाजी, म्हणजे वयस्कर सरदारजी, बसायचे, दुपारी गिऱ्हाईक नसलं की मिसळलेले नट-बोल्ट साइजप्रमाणे डब्यांत टाकत. मी नुसती शेजारी बसायचे. एकदा बोल्ट वेचता वेचताच त्यांनी सांगायला सुरुवात केली की आतून शटर ओढलं तेव्हा कुलूप लावायची कडी बाहेरच्या बाजूला होती, मग तार बांधली, आणि तार वळताना बोटं कशी चालत नव्हती. हे सांगताना बोटं डब्यात चालूच. मध्येच एक मुलगा आला, पाव किलो खिळे मागितले, त्यांनी तोलून दिले, सुट्टे परत केले आणि पुढचं वाक्य तिथूनच उचललं. मी विचारलं, 'पापाजी, ये रहने दूँ?' तर म्हणाले, 'हाँ पुत्तर, ये तो दुकान है, चलेगी।' तो खिळेवाला मुलगा मी एडिटमध्ये तसाच ठेवला, त्याच्या पाठीकडून, कारण ते दुकान चालू आहे हे त्या गोष्टीचाच भाग आहे.

ज्यांच्याकडे असं काम नाही त्यांना घराचा नकाशा काढायला द्या. सिंधी कॉलनीतल्या एका आजींना मी खडू दिला तर त्यांनी फरशीवर हैदराबाद सिंधचं घर काढलं, आधी छत, त्यावर वारा खाली ओढणारे मंघ, मग जिना, मग स्वयंपाकघर, आणि प्रत्येक खोलीबरोबर माणसं येत गेली. कॅमेरा वरून, ट्रायपॉड आडवा करून, फक्त हात आणि फरशी. तासभर कोणाला प्रश्न विचारावा लागला नाही.

कंबोडियात ख्मेर रूजच्या १९७५ ते ७९ च्या राजवटीवर काम करणाऱ्या रिती पान्ह ह्या दिग्दर्शकाने तुरुंगाच्या जुन्या पहारेकऱ्याला रिकाम्या कोठडीत नेलं आणि तो पूर्वीसारखाच दार उघडत-लावत ओरडत फिरायला लागला, २००३ च्या फिल्ममध्ये आहे ते. शरीर लक्षात ठेवतं हे त्यातून दिसतं. पण तो अत्याचार करणाऱ्यांच्या बाजूचा माणूस होता, ज्याने सोसलंय त्याच्याकडून प्रसंग पुन्हा करून घेणं मला मान्य नाही, त्याने आपणहून केलं तर गोष्ट वेगळी.

तारखा चुकतात. ८४ ला महिनाभरातच भोपाळची गॅसगळती झाली, त्यामुळे काही जण दोन्ही एकाच आठवड्यात सांगतात. मध्येच टोकू नका. इटलीतल्या तेर्नी गावात लुइजी त्रास्तुल्ली नावाचा कामगार १९४९ ला नाटोविरोधी निदर्शनात पोलिसांच्या हातून मेला, पण पुढे कितीतरी कामगार तो १९५३ ला कामगारकपातीच्या वेळी मेला असंच सांगत राहिले. अलेस्सांद्रो पोर्तेल्ली ह्या अभ्यासकाने त्याला चूक म्हणून टाकून न देता विचारलं की लोकांना तो मृत्यू तिथे का हवा होता. खरी तारीख तुम्ही शोधा, फिल्ममध्ये पाटीवर लिहा, पण सांगणाऱ्याला खोटं पाडू नका.

रडू आलं तर

इथे मी स्पष्टच बोलते. क्लोद लांझमानने नाझींनी केलेल्या ज्यूंच्या संहारावरच्या 'शोआ' ह्या १९८५ च्या नऊ तासांवरच्या फिल्ममध्ये त्यातून वाचलेल्या अब्राहम बोंबा ह्या न्हाव्याला तेल अवीवच्या सलूनमध्ये केस कापायला लावत बोलतं केलं, बोंबांचा गळा दाटला, ते नको म्हणाले आणि लांझमान म्हणत राहिला की बोलायलाच हवं. जगभर तो सीन शिकवला जातो, साक्ष म्हणून त्याचं मोल मी नाकारत नाही, पण मोहल्ल्यात राहून फिल्म करणाऱ्याने तसं करू नये. तुम्ही उद्या परत त्याच गल्लीत जाणार आहात.

नको म्हणाले की बंद. श्वास अडकला, नजर एका जागी थिजली, हात थंड पडले, आजचं सोडून तिथलंच बोलायला लागले, की पण बंद. कॅमेरा बंद करून पाणी द्या, आज कोणता वार, बाहेर भाजीवाला आला का, पाय जमिनीवर टेकलेत का, असं आताचं काहीतरी बोला. नुसतं रडू येणं वेगळं, रडत रडत बोलायचं असतं काहींना, त्यांना विचारा चालू ठेवू का. झूम इन करू नका. उठायच्या आधी बोलणं आजच्या दिवसावर आणा, जेवणावर, नातवाच्या शाळेवर, मगच निघा. दुसऱ्या दिवशी फोन करा, तिसऱ्या दिवशी पण. टेलिमानस ह्या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर फुकट आहे आणि चोवीस तास चालतो, कागदावर मोठ्या अक्षरात लिहून द्या, आणि स्वतःच्या मोबाइलमध्ये पण ठेवा, कारण मुलाखती ऐकून लिहून काढणाऱ्याला आणि एडिटरला पण हे सगळं दिवसचे दिवस ऐकून झोप लागेनाशी होते. सलग आठवडाभर अशा मुलाखती लावूच नका.

चेहरा आणि नाव

चेहरा ब्लर केला तरी मोहल्ल्यात सगळे ओळखतात, चालण्यावरून, भिंतीवरच्या कॅलेंडरवरून. आवाजाचा पिच बदललेला पुन्हा मूळ करता येतो. खरंच लपवायचं असेल तर मजकूर दुसऱ्याच्या आवाजात वाचून घ्या आणि चित्र दुसरंच ठेवा, कामाचं, रस्त्याचं. इंडोनेशियातल्या १९६५-६६ च्या कत्तलींवर जोशुआ ओपनहायमरने २०१२ ला केलेल्या फिल्मच्या श्रेयनामावलीत स्थानिक टीममधल्या कितीतरी जणांच्या जागी 'अनामिक' एवढंच आहे, म्हणजे हा विचार आपल्या टीमसाठी पण करायचा असतो. बलात्कार पीडितेची ओळख उघड करणं भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ प्रमाणे गुन्हा आहे, आणि लहान मुलांच्या बाबतीत पोक्सोचं, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धच्या कायद्याचं, कलम २३ लागतं. रिस्क घेऊन बघू हा प्रकार इथे नाही.

फुटेज, एडिट

४के व्हिडिओला सेकंदाला १०० मेगाबिटवर तासाला साधारण ४५ जीबी होतं, त्याप्रमाणे डिस्क घ्या. तीन कॉप्या, त्यातली एक दुसऱ्या घरी, पासवर्ड लावून. फाइलच्या नावात माणसाचं नाव नको, कोड ठेवा आणि कोडची यादी वेगळीकडे.

तासाच्या मुलाखतीचं लिखाण पाच-सहा तास खातं, तरी पूर्ण करा आणि मूळ बोलीतच करा, मालवी मालवीत, सिंधी सिंधीत. एडिटमध्ये गप्पपणा कापू नका. जळत्या बसचं यूट्यूबवरचं फुटेज घालायचा मोह होतो, बघणाऱ्याला पटकन हलवतं ते, पण ते कोणी काढलं, कुठलं आहे हे माहीत नसतं आणि ज्याचं घर जळलं तो पण ते बघणार असतो. करुण म्युझिक तर अजिबात नको. एकाचं वाक्य दुसऱ्याच्या चेहऱ्यावर टाकू नका.

परत दाखवणं

रफ कट, म्हणजे पहिला कच्चा एडिट, सगळ्यात आधी बोलणाऱ्यांना दाखवा, प्रत्येकाला त्याच्या घरी, वेगवेगळं. ज्यां रूश ह्या फ्रेंच फिल्मकाराने नायजर नदीकाठच्या सोंघाय शिकाऱ्यांना त्यांच्याच पाणघोड्याच्या शिकारीची फिल्म दाखवली तेव्हा त्यांनी त्याला विचारलं की शिकारीत संगीत कुठून आलं, आवाज झाला तर पाणघोडा पळून जाईल. अशा गोष्टी आपल्याला एडिट टेबलवर कळत नाहीत. ते काय म्हणतात ते लिहून घ्या, कापा म्हणाले तर कापा. तुमच्या निष्कर्षाशी त्यांचं पटलं नाही तर वाद घालायला हरकत नाही, पण त्यांच्या बोलण्यावर शेवटचा शब्द त्यांचा.

मग मोहल्ल्यात दाखवा, त्यांच्या धर्मशाळेत नाहीतर शाळेत, आणि जाल सभागृहासारख्या मोठ्या हॉलमध्ये त्यानंतर. सार्वजनिक प्रदर्शनाला सेन्सॉरचं सर्टिफिकेट लागतं, त्याला वेळ लागतो, तारीख जाहीर करायच्या आधी अर्ज करा. फिल्ममधली माणसं शोला येणार असतील तर त्यांना मागे, दाराजवळची जागा द्या, घरी सोडायला गाडी ठेवा, आणि प्रश्नोत्तरांत त्यांना स्टेजवर बोलवायचं का हे आदल्या दिवशीच विचारून घ्या. प्रेक्षकांतून कोणी आकडे आणि पक्ष काढून भांडायला लागला तर माइक तुम्ही घ्या, ते उत्तर द्यायचं काम त्यांचं नाही.

सगळं झाल्यावर प्रत्येक कुटुंबाला त्यांच्या मुलाखतीची न कापलेली पूर्ण कॉपी पेन ड्राइव्हवर द्या आणि घरच्या टीव्हीवर चालते का ते तिथेच लावून बघा.